वर्गमुळाखालचा क्ष

आमच्या शेजारच्या वानखडे सरांकडे पाहुणा आला, की पाण्याच्या आधी त्याला समीकरण मिळायचं. तेही वर्गमुळाचं. नांदुऱ्याच्या शाळेतून गणित शिकवून निवृत्त झाले, पण फळा सुटला तरी खोड सुटली नाही.

माझ्या बहिणीला पाहायला खामगावचा मुलगा आला, तेव्हाही सर हजर. "वर्गमुळात क्ष अधिक सात, बरोबर पाच. सांगा जावईबापू, क्ष किती?"

मुलाचा पोह्यांचा चमचा वाटेतच थांबला. त्याने दोन्ही बाजूंचा वर्ग केला, पंचवीसातून सात काढले आणि घाबरत म्हणाला, "अठरा."

"ताळा केला काय?"

"नाही..."

"मंग कशाच्या भरवशावर सांगून राह्यले? वर्ग केला का खोटं उत्तर गुपचूप आत घुसते. सुरुवातीच्या समीकरणात टाकून पाहा लागते!"

लग्न जमलं. पण बाबा कितीतरी दिवस सरांशी बोलले नाहीत.

सरांना हसून झेलायच्या त्या फक्त त्यांच्या पत्नी, कमलकाकू. लग्न झालं तेव्हा त्या सातवी पास होत्या. सरांनी चुलीपाशी शिकवून त्यांना दहावी केलं. "भाजी करपली तं चालते ह्यायले," काकू सांगायच्या, "ताळा राह्यला तं नाही चालत."

मागच्या वर्षी काकूंना लकवा मारला. उजवी बाजू गेली, वाचा गेली. त्यांना कितपत समजतं ते सांगता येत नाही, असं डॉक्टर म्हणाले. सरांनी लोकांना गणितं घालणं सोडलं. माणसं यायची, पाणी प्यायची, उठून जायची.

एका दुपारी मी वरणभात घेऊन गेले. सर खाटेजवळ स्टुलावर बसले होते. काकूंच्या कानाशी वाकून म्हणत होते, "कमल, वर्गमुळात क्ष अधिक तीन, बरोबर क्ष वजा तीन. क्ष किती? घाई नाही काही."

सर तिच्या हाताकडे पाहत राहिले. मग काकूंच्या डाव्या हाताचं एक बोट चादरीवरून जरासं उचललं गेलं.

मी सरांचीच विद्यार्थिनी. मनात मांडून पाहिलं. वर्ग केला की सहा आणि एक अशी दोन उत्तरं येतात. पण एक घातला, तर इकडे दोन आणि तिकडे उणे दोन. म्हणजे खरं उत्तर सहा, एक खोटं. आणि ते बोट तरी उत्तर होतं, की नुसतंच हललं होतं, कोण सांगणार?

सरांनी ते बोट दोन्ही हातांत धरलं.

"बरोबर!" ते म्हणाले. "एकदम बरोबर, कमल!"

"सर, वरण निवून जाईल," मी हळूच म्हटलं.

त्यांनी मागे वळून पाहिलंही नाही. "थांब पोरी, जराशी थांब. आत्ताच तं बोलाले लागली माह्याशी."