खोलीचा आवाज

मस्कतच्या रुवी भागातल्या आमच्या बिल्डिंगमध्ये नेकेसा राहायला आली आणि लोकांच्या घरातले एसी बंद पडायला लागले. म्हणजे तीच बंद करायची. मग फ्रिजचा प्लग काढायची, पंखा थांबवायची आणि बोट वर करून हुकूम सोडायची, "वन मिनिट! नोबडी मूव्ह!"

बाई केनियाची, डॉक्युमेंट्री काढणारी. कोवळ्या मुलींची लग्नं, खाणीत गाडली गेलेली माणसं, असले तिचे विषय. तिकडे बक्षिसंही मिळाली होती. इथे मात्र पोटासाठी आम्हा भारतीयांचे वाढदिवस शूट करायची. माणसं गप्प असताना खोलीचा जो आवाज येतो तो आधी घ्यायचा, एडिटिंगला लागतो, हे तिचं शास्त्र. केक कापायच्या शूटिंगला तो कशाला लागतो, ते तिलाच ठाऊक.

कदमांच्या नातवाच्या पहिल्या वाढदिवसाला तिने असाच हुकूम सोडला. आपली माणसं ती! एक मिनिट शांतता म्हटल्यावर अख्खा हॉल उठून माना खाली घालून उभा राहिला. कदमकाकूंनी तर डोळ्यांना पदर लावला आणि माझ्या बायकोला कुजबुजत विचारलं, "कोण गेलं गं?"

मी हसू दाबून दाबून बेजार झालो. नेकेसा हसली नाही.

जिन्यात मी तिला तो घोटाळा समजावून सांगितला. तेव्हा म्हणाली, "त्यांचं बरोबर होतं. माझी बहीण गेली."

धाकटी बहीण, नफुला. इथेच मस्कतमध्ये एका बंगल्यात घरकामाला होती. तापाने गेली, असं कागदावर लिहून आलं. नेकेसाला तिच्यावर फिल्म करायची होती, पण बंगल्याच्या दारातून तिला तीनदा परत पाठवलेलं. "कितीतरी खोल्यांचे आवाज आहेत माझ्याकडे. तिच्या खोलीचा नाही. आणि पुढच्या आठवड्यात माझा व्हिसा खलास."

मी एसी मेंटेनन्सवाला. तो बंगला आमच्याच कंपनीकडे होता, आणि हे मी तिला सांगितलं नाही. घाबरलो, दुसरं काय! नोकरी, मुलीची शाळा, सगळं डोळ्यांपुढे आलं. दोन दिवस स्वतःचीच लाज वाटत राहिली. तिसऱ्या दिवशी त्या बंगल्याच्या सर्व्हिसला मी स्वतः गेलो.

स्वयंपाकघरामागे ती खोली होती. एसी नव्हताच, खिडकीही नव्हती. भिंतीपलीकडे पाण्याची मोटर घरघरत होती. नव्या मुलीची चटई कोपऱ्यात गुंडाळलेली होती. मी मोबाईलवर रेकॉर्डिंग सुरू केलं आणि एक मिनिट उभा राहिलो. कदमांकडे ज्यांना हसलो होतो त्यांच्यासारखीच माझीही मान खाली गेली.

संध्याकाळी नेकेसा आमच्या घरी आली. हेडफोन लावले आणि पहिल्या काही सेकंदांतच तिने माझं मनगट घट्ट धरलं.

"ही मोटर," ती म्हणाली. "फोनवर दर वेळी हीच ऐकू यायची. मी तिच्यावर खेकसायचे, आवाज खराब येतोय, दुसऱ्या खोलीत जाऊन बोल."

तिने ते मिनिट पुन्हा सुरू केलं. मी उठलो आणि आमचा एसी बंद केला.