टिपणीसांच्या बाल्कनीतली शेवटची ओळ

टिपणीसांच्या बाल्कनीत फरश्यांची एक ओळ बसवली, की बाल्कनी एक ओळ लांब होत असे.

मुकुंद टिपणीस पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले. नाशिकला, पाचव्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये ते आणि शैलजाबाई दोघेच राहत. बाल्कनीची जुनी फरशी ओली झाली की निसरडी व्हायची. शैलजाबाई एकदा पडता पडता वाचल्या, तेव्हा मुकुंदरावांनी लाकूड आणि प्लॅस्टिक मिसळून केलेल्या तपकिरी फरश्या आणल्या. त्यांना सिमेंट लागत नाही. एक फरशी दुसरीला लावून रबरी हातोडीने ठोकली, की खट् आवाज होतो आणि ती अडकते. उन्हाने फुगतात म्हणून भिंतीपाशी बोटभर फट सोडा, एवढंच दुकानदाराने सांगितलं होतं. मुकुंदरावांनी फट सोडली आणि दारापासून कठड्याकडे ओळी लावायला घेतल्या.

शेवटी एका ओळीपुरत्या फरश्या कमी पडल्या. माप चुकलं असं समजून त्यांनी आणखी एक खोकं आणलं आणि ओळ पुरी केली. कठड्यापाशी पुन्हा तेवढीच जागा उरली. त्यांनी ती भरली, आणि कठडा तेवढाच पुढे गेला.

"अहो, दोरीवरचे कपडे काढायला मला चालत जावं लागतंय," शैलजाबाई म्हणाल्या.

"एकच ओळ राहिली आहे," मुकुंदराव म्हणाले.

बातमी सोसायटीत पसरली, तेव्हा सेक्रेटरी घळसासी पाहणीला आले. त्यांनी दारात उभं राहून बाल्कनीकडे पाहिलं. मुकुंदराव पार टोकाला, मुठीएवढे दिसत होते. मग घळसासी खाली अंगणात जाऊन इमारत पाहून आले.

"खालून तुमची बाल्कनी इतरांएवढीच दिसते," ते म्हणाले.

"आणि हे?" शैलजाबाईंनी टोकाकडे बोट दाखवून विचारलं.

"टिपणीससाहेब खालून दिसत नाहीत. बांधकाम बाहेर आलं असतं तर आम्हाला हरकत घ्यावी लागली असती. आतल्या आत वाढलं, तर तो तुमचा घरगुती प्रश्न आहे." जाता जाता ते थांबले. "फक्त कपडे कठड्याबाहेर लोंबू देऊ नका. तो नियम सगळ्यांना आहे."

सुरुवातीला मुकुंदराव जेवायला घरी येत. पुढे येण्याजाण्यातच दिवस जाऊ लागला, तेव्हा त्यांनी सतरंजी, पाण्याचा कॅन, शिधा आणि फरश्यांची खोकी तिकडेच नेली. दारातून पाहिलं तर तपकिरी पट्टा बारीक होत होत धुक्यात जाई. शैलजाबाई फोन करत. फोनमध्ये मागे रस्त्याचा आवाज नसे, पाखरांचाही नसे. फक्त खट्, खट्.

"जेवलात का?"

"जेवलो. शैला, इथे हातोडी थांबवली तरी आवाज येतो."

"कसला?"

"खट् असाच. कठड्याच्या पलीकडून. तिकडून कुणीतरी बसवत येतंय."

शैलजाबाईंनी बटाटे संपले आहेत म्हणून सांगितलं.

त्या रंगाच्या फरश्या बाजारात मिळेनाशा झाल्या, तेव्हा मुकुंदराव म्हणाले, "दाराजवळची एक ओळ उचल आणि मला आणून दे. तिथे जुनी फरशी आहेच खाली."

शैलजाबाईंनी उलथनं घालून कोपऱ्यातली एक फरशी सोडवली. खाली जुनी फरशी नव्हती. पाच मजले खाली रस्ता होता, आणि भाजीची गाडी थांबवून एक बाई भोपळा निवडत होती. वारा वर येत होता. त्यांनी फरशी परत ठेवली आणि दोन्ही हातांनी दाबून बसवली.

"काय झालं? उचललीस?" फोनवर मुकुंदरावांनी विचारलं.

"खाली काही नाहीये."

फोनमध्ये लांबून, मुकुंदरावांच्याही पलीकडून, खट् असा आवाज आला.

शैलजाबाईंनी डब्यात पिठलंभाकरी भरली, घराच्या दाराला आतून कडी लावली आणि बाल्कनीतून निघाल्या. पायाखाली काय आहे ते आता त्यांना माहीत होतं. प्रत्येक फरशी पाऊल टेकताच जराशी दबे, आणि त्या श्वास रोखून पुढचं पाऊल टाकत. मागे वळून पाहायचं नाही असं त्यांनी ठरवलं होतं.

मुकुंदराव कठड्यापाशी गुडघ्यांवर बसले होते. दाढी वाढली होती, गुडघे सुजले होते. फरश्या संपल्या असूनही हातोडी धरून ते उरलेली जागा चाचपत होते.

"घरी चला," शैलजाबाई म्हणाल्या.

"एवढं झालं की येतो. मी आजवर काही अर्धवट सोडलेलं नाही."

"मला सोडलंत की."

"तू कुठे गेलीस? तू घरीच आहेस."

"घरीच आहे. एकटी. संध्याकाळी दिवा लावते आणि मग कुणाशी बोलू ते कळत नाही. निसरडं होतं तेच बरं होतं हो."

मुकुंदरावांनी त्यांच्याकडे पाहिलं. त्यांनी हातोडी खाली ठेवली, भाकरी अर्धी अर्धी केली, आणि खाऊन झाल्यावर शैलजाबाईंच्या खांद्याचा आधार घेऊन उठले. ती ओळ तशीच राहिली.

घरी आल्यावर ते पुष्कळ झोपले. पण पलीकडचं काम थांबलेलं नव्हतं. तिकडे एक ओळ बसली, की तिकडची बाल्कनी वाढे आणि तेवढीच इकडची कमी होई. कठडा परत दिसू लागला. मग त्याचे गज मोजता येऊ लागले. घळसासींना कळवलं, तर घटण्याबद्दल नियमांत काही नाही, असं ते म्हणाले.

एका सकाळी दोघं चहा पीत असताना कठडा दाराला येऊन टेकला आणि काचेवर टकटक झाली. मुकुंदरावांनी दार उघडलं. कठड्यापलीकडे धुळीने माखलेला एक माणूस रबरी हातोडी घेऊन उभा होता. त्याच्या मागे राखाडी फरश्या नजर पोचेल तिथपर्यंत गेल्या होत्या.

"आत किती खोल्या आहेत?" त्याने विचारलं.

"तीन," मुकुंदराव म्हणाले. "आणि स्वयंपाकघर."

त्याने मान हलवली आणि एक पाय कठड्यावरून आत टाकला. "सामान सरकवावं लागेल."

शैलजाबाईंनी कप खाली ठेवला आणि पलंगाची एक बाजू धरली. मुकुंदरावांनी दुसरी धरली.