आहेरात दिलेलं नाव

रूपेशच्या मुलाच्या बारशाला आहेर काय न्यायचा, असं दर्शनानं विचारलं तेव्हा मी नुसतं 'टोपडं' म्हणालो असतो, तर विषय तिथेच मिटला असता. (दर्शना माझी बायको, रूपेश तिचा भाऊ, म्हणजे बाळाची ही एकुलती एक आत्या.) पण टोपडं काय, कोणीही देतं. मी म्हणालो, "मी नाव देणार."

"चांदीची वाळी बरी दिसतील हो."

"वाळी महिन्याभरात लहान होतात. नाव जन्मभर पुरतं." (असली वाक्यं मला आपोआप सुचतात, त्याला इलाज नाही.)

नावं हा माझा प्रांत. कचेरीत मी आवक-जावकच्या टेबलावर असतो, त्यामुळे वाचनाला सवड भरपूर. कुठल्याही मुलखातलं नाव सांगा, मी अर्थ सांगतो. अर्थ आठवला नाही तर 'तेजस्वी' सांगतो. आजवर कोणाची तक्रार नाही. आमचा शिपाई दगडू नावापायी कायम मान खाली घालून असायचा. त्याला म्हटलं, "अरे, पीटर म्हणजेसुद्धा दगडच! विलायतेत जन्मला असतास तर पीटर झाला असतास." तेव्हापासून त्याला चहा आणायला सांगितला की तो 'नॉट नाऊ' म्हणतो.

तर रविवारी मी मिरकरवाड्याला सासुरवाडीत हजर झालो. सासूबाई मासळीच्या लिलावाला बंदरावर गेल्या होत्या, ते बरंच झालं. रूपेश पडवीत जाळं सांधत होता आणि त्याची बायको हेतल बाळाला थोपटत होती. तिनं नाव आधीच ठरवलं होतं, कियान.

"इराणी," मी म्हणालो. "राजघराण्यातलं."

"मग चांगलंच की, भावोजी!"

"इराणचा राजा मिरकरवाड्यात बांगडे निवडणार का?"

हेतल फुरंगटली. तिचं स्वतःचं नाव गुजराती, कारण तिचे वडील मुंबईत ज्या शेटकडे कामाला होते त्याच्या मुलीचं ते नाव. तिला परक्या नावाचा काय विधिनिषेध! मी मांडी ठोकून बसलो आणि जग उलगडून दाखवलं. ग्रीसमध्ये पहिल्या नातवाला आजोबाचं नाव देतात. अरबांत देतात. स्कॉटलंडात देतात. "आणि आपण आपल्या आजोबांना विसरून इराणात शिरतो!"

रूपेशच्या हातातली सुई थांबली. त्याचे वडील, म्हणजे माझे सासरे, नातवाचं तोंड न बघताच गेले. "गंगाराम," तो म्हणाला आणि त्यानं बाहीनं डोळे पुसले. नवऱ्याचे डोळे बघून हेतलचंही बळ सरलं.

"ठेवा. पण घरात आपण कियान म्हणू हां."

"छे! नावाचा गुण हाकेत असतो. टोपणनाव म्हणजे नावाला लागलेली वाळवी." दोघांनाही मी पाळण्याला हात लावून शपथ घ्यायला लावली. आणि सासूबाईंना आत्ताच काही सांगायचं नाही, सरप्राइज!

बारशाच्या दिवशी दर्शनाच्या कानात नाव सांगितलं. तिनंही पदरानं डोळे पुसले. मग ती एकदम म्हणाली, "आईला विचारलंत?"

"विचारलं तर सरप्राइज कसलं?"

पाळणा हलला, बायकांनी गाणं म्हटलं, दर्शनानं बाळाच्या कानात कुर्रर्र केलं, पाठीत बुक्के खाल्ले आणि खणखणीत आवाजात नाव सांगितलं, "गंगाराम!"

सासूबाईंनी झटकन डोक्यावर पदर घेतला. मला वाटलं, आनंद झाला. एवढ्यात शेजारची सगुणा त्यांना म्हणाली, "येसूबाई, नातवाला हाक मार की!"

तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. सासूबाईंनी उभ्या संसारात नवऱ्याचं नाव उखाण्याशिवाय घेतलेलं नाही. रेशनच्या दुकानात विचारलं तर शेजारणीला पुढे करतात. गंगाजलाला 'काशीचं पाणी' म्हणतात. हे मला माहीत होतं, रूपेशला माहीत होतं, बंदरावरच्या बर्फवाल्यालासुद्धा माहीत होतं. नाव साऱ्या जगात चालतं का ते मी बघितलं. आमच्या स्वयंपाकघरात चालतं का, तेवढं बघायचं राहिलं.

बायका हटून बसल्या. शेवटी सासूबाई लाजत म्हणाल्या,

"मांडवीच्या किनाऱ्यावर फुटते पांढरी लाट,
गंगारामरावांचं नाव घेते, सोडा माझी वाट."

टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या. पण बाळ काय दिवसातून एकदाच रडतं? दुसऱ्या दिवसापासून हाकेगणिक उखाणा सुरू झाला.

"कालवणात घातली आमसुलं दोन,
गंगारामरावांनी भिजवलं, दुपटं बदलणार कोण?"

उखाणा जुळेपर्यंत दुपट्याखालची गादी भिजायची. आठवड्याभरात साठा संपला आणि कचेरीत फोन आला. "जावईबापू, नवीन पाठवा. पोर भुकेलंय!" मी लगेच पाठवायला लागलो. (माझं यमक जरा ढिलं आहे. 'नारळ'ला मी 'करंजी' जुळवली होती.)

शेवटी फोनही बंद झाले. मी घाबरून मिरकरवाड्याला गेलो, तर सासूबाई पाळण्यापासून हातभर लांब, पाटावर अंग चोरून बसलेल्या.

"जावईबापू, नातवासाठी देवाला किती नवस केले हो मी! वाटलं होतं, मांडीवर घेईन, मेल्या म्हणेन, गालगुच्चे घेईन. आता ह्यांचं नाव लागलं. ह्यांना अरे-तुरे कशी करू?" असं म्हणून त्या रडायलाच लागल्या. मला मनापासून वाईट वाटलं. एवढं वाईट मला बढती चुकली तेव्हाही वाटलं नव्हतं.

"आपण नाव बदलू," मी म्हणालो.

"कियान!" हेतल आतून ओरडली.

"काय उपयोग नाय," सासूबाई म्हणाल्या. "कानात पडलं ते पडलं."

तेवढ्यात बाळ रडायला लागलं. घरात कोणी हललं नाही. सगळे माझ्याकडे बघत होते. सासूबाई उठल्या, डोक्यावरचा पदर नीट केला आणि पाळण्यात वाकून म्हणाल्या, "अहो, काय झालं? दूध हवं का?"

बाळ गप्प! टकामका बघायला लागलं.

"बघता काय असे? वेंगुर्ल्याच्या जत्रेला नेतो म्हणालात, नेलंत? सदा मेली ती होडी नि जाळी. माझं कधी ऐकलंत?"

बाळानं मूठ तोंडात घातली आणि पुढचं ऐकायला तयार झालं. सासूबाईंनी मग सगळा संसार काढला. हरवलेली नथ काढली, नणंदेचं लग्न काढलं, सासरे न सांगता विकत घेऊन आलेली म्हैस काढली. मध्येच त्यांनी बाळाला उचलून मांडीवर घेतलं, ते त्यांच्या लक्षातही आलं नाही. डोळे पुसत माझ्याकडे वळून म्हणाल्या, "जावईबापू, जन्मात हे असे गप्प बसून ऐकायला बसले नव्हते हो! काय गुणाचं नाव दिलंत!"

मी रूपेशकडे बघितलं, हेतलकडे जास्त वेळ बघितलं. आहेर असा द्यावा लागतो! त्या आठवड्यात कचेरीतल्या तिघांनी माझ्याकडून नावं नेली.

बाळ आता दुडूदुडू चालतं. मात्र 'गंगाराम' म्हटलं तर ढिम्म हलत नाही. 'अहो' म्हटलं की वळतं. आमच्याकडे मांडवीला आलं आणि दर्शनानं आतून "अहो, चहा झालाय!" अशी हाक मारली की माझ्या आधी ते पोचतं, आणि माझं बिस्किट संपतं. मी तक्रार केली, तेव्हा सगळ्यांनी बसून निकाल दिला, की एका कुटुंबात दोन 'अहो' चालायचे नाहीत. मान थोरल्याचा, आणि गंगारामराव नात्यानं माझे सासरे लागतात.

मग मला हाक कशी मारायची? त्यावर हेतलनं फारसा विचार केला नाही. तेव्हापासून दर्शनासकट सगळे मला बाबल्या म्हणतात. सासूबाईसुद्धा, आणि तेही एकेरीत. ह्या नावाचा अर्थ मी अजून शोधतोय. तूर्त 'तेजस्वी' धरून चाललोय.

काल गंगाराम पहिल्यांदाच स्पष्ट बोलला. चहाच्या कपापाशी उभा राहून, बिस्किटासाठी हात पुढे करून म्हणाला, "ए बाबल्या!"

आणि मी 'ओ' दिली.