सरकारी साटंलोटं

बुधाजीच्या खाचरापाशी एखादा पाहुणा थांबून "वा, काय भात उभा आहे!" म्हणाला, की बुधाजी डोक्यावरचा टॉवेल काढायचा आणि माझ्याकडे बोट करायचा. "मालक ते तिकडं. मी नुसता कसतो." मी शेजारच्या उंचवट्यावर, माझ्या मुरमाड तुकड्यात, पिवळ्या पडलेल्या भातात उभा असायचो. पाहुणा माझ्याकडे आदराने बघायचा आणि माझा जळफळाट व्हायचा.

बुधाजी खोटं बोलत नव्हता. आमच्या वडिलांच्या काळात सरकारने विखुरलेले तुकडे एकत्र करून नवे गट पाडले. साहेब गावात आले ते ऐन राबाच्या दिवसांत. रोपांची जमीन भाजायला पाला, शेण रचायचं काम आमच्याकडे सावडीने चालतं, म्हणजे मी तुझ्या शेतात राबतो, तू माझ्या. त्या दिवशी माझा बाप बुधाजीच्या घरच्या ओहळाकाठच्या खाचरात राब रचत होता आणि बुधाजीचा बाप आमच्या तुकड्याचा बांध नीट करत होता. साहेबांनी ज्याला ज्या शेतात पाहिलं, त्याचं नाव त्या शेताला लावलं. दोघांनी अंगठे उठवले आणि पुन्हा कामाला लागले.

नव्वदीच्या दशकात मी सातबारा काढला तेव्हा ही गंमत उघडी पडली. किन्हवलीच्या आसपास असे घोळ बरेच झाले होते, भाऊ भावाच्या अंगावर कोयता घेऊन जात होते. बुधाजी मात्र हरखला. मी एसटीत कंडक्टर होतो. भर गाडीत तो ओरडला, "कंडक्टर, सरकारनी आपलं साटंलोटं केलंय! माझी लेक तुझ्या घरात, तुझी माझ्या घरात!"

तेव्हापासून तो एकाच वेळी माझं कूळही झाला आणि लेकीला माघारी नेण्याची भीती घालणारा व्याहीसुद्धा. सकाळी येऊन सांगायचा, "तुझ्या लेकीच्या बांधाला चिंबोऱ्यांनी बिळं पाडलीत. आज बुजवतो, काळजी करू नको." आणि जाता जाता माझ्या तुकड्याकडे बघून कपाळाला आठ्या घालायचा. "माझ्या लेकीला उपाशी ठेवतोस काय रे? शेणाची पाटी पडलेली दिसत नाय. असं नांदवायचं असल तर माघारी घेऊन जाईन हां!"

भात झोडून झालं की नव्या भाताचे पोहे घेऊन यायचा. "घ्या वयनी, तुमच्या लेकीकडलं." माझी बायको ते नाकाशी धरायची. "अवो, वास बघा! आपल्या शेतात का नाय होत असं?" ते पोहे माझ्या घशाखाली उतरत नसत. शेत कागदावर माझं, पण माती, पाणी, वास आणि माझ्या बायकोचं कौतुक, सगळं त्याच्याकडे.

दोघांनी शहापूरच्या कचेरीत जाऊन संमती दिली असती तर नोंदीची दुरुस्ती झाली असती. पण बुधाजीची दर वेळी नवी अडचण. कधी शेळी व्यायलेली, कधी अमावास्या. एकदा इस्त्रीचा सदरा घालून माझ्याच गाडीने शहापूरला उतरला, स्टँडवर मिसळ खाल्ली आणि माझ्याच गाडीने परत निघाला. "साहेब जेवाया गेलंत," म्हणाला. तेव्हा सकाळचे दहाही वाजले नव्हते.

पुढे फार्महाउससाठी जमिनी बघणाऱ्यांच्या मोटारी येऊ लागल्या. त्या ओहळाकाठी थांबत. माझ्या तुकड्यासमोर कोणी काचसुद्धा खाली करत नसे. शेवटी कागदाप्रमाणे खाचराचा ताबा घ्यायला मी एकट्यानेच मोजणी मागवली. गाव मारामारी बघायला जमलं. बुधाजीने टेपचं टोक धरलं आणि हद्दीचा पुरलेला जुना दगड कुठे आहे तेही मोजणीवाल्यांना दाखवलं.

बुधाजीने आपण होऊन खाचर सोडलं, असं गावात आजही सांगतात. मीही तसंच सांगत आलो. बुधाजी आता नाही, म्हणून खरं काय ते लिहितो. मोजणीची माणसं गेल्यावर तो माझ्याजवळ आला आणि हळूच म्हणाला, "कंडक्टर, एवढं एक पीक घेऊ दे."

मी नाही म्हणालो. विकायची घाई नव्हती मला. एकदा तरी त्या भातात मला उभं राहायचं होतं आणि पाहुण्याने मला "वा" म्हणायला हवं होतं.

त्या पावसाळ्यात खाचर मी लावलं, मुरमाड तुकडा बुधाजीकडे गेला. श्रावणात एका दुपारी ओहळ फुगला आणि बांध फुटल्याची हाक आली. मी धावत गेलो. फुटल्या जागी बुधाजी कमरेएवढ्या पाण्यात पाठ लावून उभा होता.

"बुधाजी, हे आता माझं आहे. तू घरी जा."

"आधी ढेकळं दे. मग भांड."

मी ढेकळं देत गेलो, तो दाबत गेला. पाणी थांबलं. तो थरथरत होता.

"आता तरी घरी जा," मी म्हणालो.

"घरी कोण हाय?" तो म्हणाला. "कारभारीण गेली. पोरगा डोंबिवलीला. दुरुस्ती केली असती तर तुझ्या ओट्यावर कंच्या निमित्तानी आलो असतो? साहेब रोज जाग्यावर असायचं रे. मीच आत जात नव्हतो."

त्याने माझ्या भातावरून नजर फिरवली. "लय दाट लावलंस. पुढल्या वर्षी सुटं लाव," एवढं बोलून तो बांधावर चढला आणि निघाला.

माझं घर शेताला लागूनच आहे. चुलीवर चहा होता. चल, एवढंच म्हणायचं होतं. मी म्हणालो नाही. त्याने बुजवलेल्या बांधातून पाण्याचा थेंब गळत नव्हता, आणि तिथे उभा राहून मला त्याच्या हाताचाही हेवा वाटत होता.