छताला टेकवलेला राउटर

मोठ्या साहेबांचं तोंड स्क्रीनवर 'नमस्कार' म्हणायला उघडलं, ते मिटेचना. बढतीची मुलाखत, आणि साहेबांचा पुतळा झालेला. पाठोपाठ फोन आला: "पाव तासात धड नेट शोधा, नाहीतर पुढच्याला बोलावतो."

उपव्यवस्थापकाच्या अंगाचा तिळपापड झाला. एवढं दणदणीत नेट, जातं कुठे? मोबाइलवर राउटरचं पान उघडून तो कोण कोण जोडलंय ते पाहू लागला. आपला लॅपटॉप, आपला फोन, टीव्ही, आणि 'टायगर'. घरात डरकाळ्या फोडणारा तो एकटाच होता, आणि त्याच्या फोनचं नाव काही टायगर नव्हतं.

"चोर साला," म्हणत त्याने टायगरला ब्लॉक केलं आणि कान टवकारले. वरच्या मजल्यावर खुर्ची सरकली. दार आपटलं. जिन्यात चपला वाजल्या.

दारात वरचे दातांचे डॉक्टर उभे, त्याच्याहून लालबुंद.

"तुमच्या घरात राणीसरकार कोण?"

उपव्यवस्थापक चपापला. बायकोच्या फोनला ते नाव त्यानेच लाडाने दिलं होतं, तेही लग्नाच्या वाढदिवसाची भेट म्हणून.

"तुम्हाला काय करायचंय?"

"पेशंटशी बोलता बोलता माझं नेट गेलं. पाहतो तर या राणीसरकार माझ्या राउटरवर ठाण मांडून. केलं ब्लॉक."

"आणि तुमचा टायगर आमच्याकडे काय करतो? शेजारधर्म?"

इतक्यात स्वयंपाकघरातून बायको बाहेर आली. "माझा गणिताचा क्लास कोणी बंद पाडला? पोरं अर्ध्या समीकरणात लटकलीत."

दोघांनी एकमेकांकडे बोट दाखवलं.

"अहो, मी आणि वरच्या वहिनींनी पासवर्डांची अदलाबदल केलीय," ती म्हणाली. "आपलं नेट स्वयंपाकघरात येत नाही, त्यांचं येतं. त्यांच्या बेडरूममध्ये त्यांचं मिळत नाही, आपलं मिळतं. वर्षभर सुरळीत चाललं होतं, तुम्ही दोघांनी लक्ष घालेपर्यंत."

"मला विचारायचं तरी."

"विचारलं होतं. स्वयंपाकघरात नेट कशाला लागतं, म्हणालात. आणि कोणी हात लावू नये म्हणून राउटर कपाटावर, छताला टेकवून ठेवलात. वायरसुद्धा खिळे मारून पक्की केलीत. आता तो वरच्यांचीच सेवा करणार."

डॉक्टर छताकडे बघत हसू दाबू लागले. उपव्यवस्थापकाला दोघांनाही ब्लॉक करावंसं वाटलं, पण तशी सोय नव्हती आणि पाव तास सरत आला होता. त्याने दातओठ खात टायगरला मोकळं केलं, डॉक्टरांनी राणीसरकारांना. मग लॅपटॉप काखेत मारून तो मुकाट्याने जिना चढला आणि डॉक्टरांच्या पलंगावर, त्यांच्या वाळत घातलेल्या बनियनांकडे पाठ करून, स्वतःच्याच नेटवर बसला.

साहेब लख्ख दिसले. आवाजही खणखणीत.

"बरं, सांगा," ते म्हणाले, "आपल्या विभागात कोण काय करतंय, यावर तुमचं कितपत लक्ष असतं?"

"बारीक, सर," उपव्यवस्थापक म्हणाला. "माझ्या नजरेतून काही सुटत नाही."

साहेब किंचित पुढे झुकले. "मागे ते बनियन कोणाचे?"