तिडकेशेठच्या सिनेमात कोणी मरत नाही

मखमलाबादचे तिडकेशेठ आपल्या विनोदी सिनेमाची पटकथा आधी गोदावरीच्या घाटावर वाचून बघतात, तीही दहाव्याला. कोणाच्याही दहाव्याला. पिंड मांडलेले असतात, कावळा शिवत नसतो, नातेवाईक उन्हात ताटकळलेले असतात, आणि शेठ कागद घेऊन उभे राहतात. "हितं हसला तो थेटरात तिकीट काढून हसणार," हे त्यांचं शास्त्र. दोनदा मार खाल्लाय. एकदा मात्र मयताच्या सख्ख्या भावाला हसून हसून उचकी लागली. तो सिनेमा दिवाळीपासून संक्रांतीपर्यंत चालला.

गुलाबाच्या शेतीच्या पैशावर शेठनी सात सिनेमे काढले. सगळ्यांत विनोद, सगळ्यांत नऊ-नऊ गाणी आणि मरण एकातही नाही. खलनायक पांडवलेण्याच्या डोंगरावरून पडतो तो थेट टोमॅटोच्या ट्रकमध्ये, आणि उठून नाचायला लागतो. आजीचं काम करणाऱ्या बाई चित्रीकरण अर्धवट असताना खरोखरच वारल्या, तेव्हा शेठनी संवाद घातला, "आजी नामपूरला लेकीकडं गेल्यात." पुढच्या प्रत्येक सिनेमात कोणीतरी विचारतंच, "आजी कशा हायेत?" उत्तर ठरलेलं, "मजेत! कांदे निवडून ऱ्हायल्यात."

अशा माणसाने मला पटकथा लिहायला बोलावलं. कारण मोर्चात वाटलेलं माझं पत्रक वाचून ते पोट धरधरून हसले होते. मी ते अत्यंत गंभीरपणे लिहिलं होतं.

माझा नायक कारखान्यातला कामगार. शेवटी तो यंत्रात सापडून मरतो. लोकांना हसवून झोपवणारा सिनेमा मी लिहिणार नव्हते.

"कॉम्रेडताई, मरण कट," शेठ म्हणाले. "जरा खरचटू दे त्याला. मंग गाणं."

"तो मरणार, शेठ. नाहीतर दुसरा लेखक बघा."

"बरं. घाटावर वाच. लोकं सांगतील."

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही एका टेम्पोवाल्याच्या दहाव्याला उभे. ओळख ना पाळख. कावळे झाडावर ढिम्म. मी नायकाचं मरण खणखणीत आवाजात वाचलं, दोन पानी भाषणासकट.

"मशीन कोणतं म्हणायचं?" एका काकांनी विचारलं. "प्रेस मशीनला हात अडवायला गार्ड असतं."

"गार्ड काढून टाकत्यात, काका. तुमची युनियन झोपली व्हती का?" त्यांचा पुतण्या म्हणाला.

दोघांची जुंपली. गुरुजी कळवळून म्हणाले, "हळू भांडा हो, कावळे उडतील!" शेठ माझ्याकडे विजयी मुद्रेने बघत होते.

तेवढ्यात टेम्पोवाल्याची बायको बोलली.

"त्याची बायको काय करती मंग? समदे गेल्यावर?"

मी पानं चाळली. अंत्ययात्रा होती, घोषणा होत्या, कारखान्याचं बंद फाटक होतं. बायको कुठेच नव्हती.

"सिनेमा तिथेच संपतो," मी म्हटलं.

"तिला घरी जावंच लागंल ना पण," ती म्हणाली.

मी शेठकडे पाहिलं. आता ते गाणं सुचवतील असं मला वाटलं. ते नदीकडे बघत होते.

रिक्षात बसल्यावर ते म्हणाले, "मरू दे त्याला."

मी जिंकले होते. पण आनंद काही होईना.

"पण फुडचं लिही," ते म्हणाले. "स्मशानातून आल्यावर माणूस कुलूप काढून घरात जातो. आत जाऊन पहिलं काय करायचं असतं, ते. आमची मंडळी गेली तवा मी दाराबाहेर ओट्यावरच बसून ऱ्हायलो. तिथं बसूनच पहिला पिच्चर ठरवला. मंग एकामागं एक काढतच गेलो. ते आत जायाचं काय अजून जमलं नाय."

मी वही उघडली. "तुम्ही सांगा, शेठ. मी लिहिते."

त्यांनी खूप विचार केला.

"पहिलं लाइट लावायचा असंल," ते म्हणाले. "नाय का?"