एकशे शहाऐंशी फाइली आणि एकच पिवळा

“दहाला बटण दाबतो आणि दहा वाजून दोन मिनिटांनी चहा पितो! एकशे शहाऐंशी फाइली, सगळ्या एकसारख्या! बघाच!”

टापटीपने हे अख्ख्या ऑफिसला ऐकू जाईल अशा आवाजात जाहीर केलं. त्याचं खरं नाव आता फक्त हजेरीपटात उरलं होतं. टेबलावरच्या पेन्सिली उंचीप्रमाणे लावणाऱ्या माणसाला लोक दुसरं काय म्हणणार?

ऑफिस लिफ्टदुरुस्तीचं. एकशे शहाऐंशी इमारतींच्या लिफ्ट त्यांच्याकडे, आणि दर इमारतीची संगणकावर एक एक्सेल फाइल, मेकॅनिकांच्या मोबाइलवरही दिसणारी. ज्याला जसं सुचलं तशी त्याने ती भरलेली. कुणाची अक्षरं मुंगीएवढी, कुणाची भोपळ्याएवढी! इमारतीच्या नावाचा चौकोन कुठे हिरवा, कुठे निळा, कुठे लाल, क्वचित कुठे पिवळा. ते बघून टापटीपचं पित्त खवळायचं.

त्यात आज दुपारी मोठे साहेब येणार होते. कार्यालयप्रमुखाची खुर्ची महिनाभर रिकामी होती, ती कुणाला द्यायची ते आजच ठरणार होतं. बायकोने सकाळी डबा हातात देताना बजावलं होतं, “आज खुर्ची घेऊनच या. मी माहेरी सांगून बसलेय!”

म्हणून टापटीपने भाच्याकडून युक्ती शिकून घेतली. एक नमुना फाइल बनवायची, बाकीच्या सगळ्या एका फोल्डरमध्ये घालायच्या आणि बटण दाबायचं. नमुन्यातली अक्षरं, रेघा, रंग एका दमात सगळीकडे!

फोन घेणाऱ्या ताई म्हणाल्या, “भाऊ, अक्षरं काय ती सारखी करा. रंग तेवढे राहू द्या.”

“ताई, रंग हाच तर खरा पसारा आहे!”

“अहो, पण मेकॅनिक लोक…”

“मेकॅनिक लोकांनी पाने धरावेत, रंग माझ्यावर सोडावेत!”

आणि त्याने नावाच्या चौकोनासाठी डोळ्यांना बरा वाटणारा पिवळा निवडला. जुन्या फाइलींच्या नकलाही पुसून टाकल्या. एकाच गोष्टीच्या दोन प्रती कशाला हव्यात? मग बटण दाबलं.

चहाचा पहिला घोट घेतोय तोच खाली आवारात मोटारसायकली सुरू झाल्या. एक, दोन, पाच, चौदा! सगळ्यांत जुने मेकॅनिक, ज्यांना सगळे काका म्हणत, एका पायात बूट आणि दुसरा हातात घेऊन धावत सुटले होते.

“काका, कुठे निघालात?”

“कुठे म्हणजे? पिवळा!”

“मीच केला! आवडला?”

काका थबकले. “तू केलास? एकशे शहाऐंशी ठिकाणी?”

“एका बटणात!”

“अरे, आम्ही तुझं काय घोडं मारलं होतं? आता पिवळा दिसला म्हणजे जावंच लागणार!” असं म्हणत काका जिना उतरूनही गेले.

टापटीप गोंधळला. एवढ्या सुंदर पिवळ्यावर कुणी चिडतं का? तेव्हा ताईंनी शांतपणे समजावलं. हिरवी म्हणजे लिफ्ट ठणठणीत, निळी म्हणजे तेलपाणी बाकी, लाल म्हणजे बंद. आणि पिवळी म्हणजे आत माणूस अडकलाय, असाल तसे धावा!

“हे लिहिलंय कुठे?”

“लिहायला कशाला हवं? सगळ्यांना माहीत आहे.”

“मला नव्हतं!”

“तुम्ही विचारलंत कधी?”

टापटीपने चहा तसाच टेबलावर ठेवला. “मग फोन करा, परत बोलवा त्यांना!”

“पिवळ्यावर जाताना फोन उचलायचा नाही, असा नियम आहे,” ताई म्हणाल्या.

तेवढ्यात ऑफिसचेच फोन खणखणू लागले.

“तुमचा माणूस आमच्या लिफ्टवर थापा मारून ‘घाबरू नका’ म्हणून ओरडतोय! आत कुणी नाहीये!”

“आम्ही सांगतोय कुणी अडकलेलं नाही, तर म्हणतो, तुम्हाला काय माहीत, तुम्ही बाहेर आहात!”

अकराच्या सुमारास मात्र सूर बदलला. “लवकर या, आमचे आजोबा लिफ्टमध्ये अडकलेत!”

टापटीपला हायसं वाटलं. चला, निदान एक तरी पिवळा खरा निघाला! पण मग दुसरा फोन आला, पाचवा आला, विसावा आला. माणसं खरोखरच अडकायला लागली होती! झालं होतं असं, की पिवळ्यावर पोचलेला मेकॅनिक आधी लिफ्टची वीज बंद करतो. चांगल्या चालत्या लिफ्ट माणसांसकट मधल्यामध्ये थांबत होत्या.

“अभिनंदन,” ताई म्हणाल्या. “आता तुमच्या फाइली बरोबर होत चालल्यात.”

मोठे साहेब आले ते पाच मजले चढून, घामाघूम. या इमारतीची फाइलही पिवळीच होती ना! निघता निघता कुणीतरी इथल्या लिफ्टचीही वीज बंद करून गेलं होतं. साहेबांनी पडद्यावर नजर टाकली.

“यातला खरा पिवळा कुठला आणि तुमचा कुठला?”

“साहेब, दोन्ही अगदी एकसारखे आहेत,” टापटीप म्हणाला. आणि लाज सोडून सांगायचं, तर हे सांगताना त्याला क्षणभर अभिमानच वाटला.

“जुन्या नकला?”

“पसारा होता, साहेब.”

तीन वाजेपर्यंत सगळे सुखरूप बाहेर निघाले. आजोबा तर सोबत अडकलेल्या शेजाऱ्याशी चाललेल्या गप्पा अर्धवट राहिल्या म्हणून कुरकुरले. पण कुठली लिफ्ट ठणठणीत आणि कुठली बिघडलेली, हे आता जगात कुणालाच माहीत नव्हतं. प्रत्येक इमारतीत जाऊन, मजल्यामजल्यावर दार तपासून रंग नव्याने भरायला हवा होता. कोण जाणार, असं साहेबांनी विचारलं, तेव्हा सगळं ऑफिस एकाच दिशेला बघत होतं.

“आणि हो,” परत आलेले काका बूट घालत म्हणाले, “पिवळ्या लिफ्टमध्ये आपल्या माणसाने पाय ठेवायचा नाही. नियम आहे.”

साडेचार वाजता, पहिल्याच इमारतीत, टापटीपच्या खिशातला फोन वाजला.

“अहो, काय झालं खुर्चीचं? आई केव्हाची विचारतेय!”

टापटीपने घाम पुसला. खोटं बोलणं त्याच्या स्वभावात नव्हतं.

“त्यांना सांग, बसलोय.”

“अय्या! खरंच? कुठे?”

“सातव्या मजल्याच्या पायरीवर. वर अजून चार आहेत.”